चौथ्या दिवशी सोडायचं फडकं

भोर,
ता. १६ मे १९७१

ती. गेनबामामांस अय्युबचा सलाम.

आम्ही सगळे खुशाल आहोत. फुलामामींचा गुडघा कसा आहे? अम्मीने त्यांच्यासाठी करंजाचं तेल ठेवलंय, आंबवड्याच्या एस.टी.त कुणी ओळखीचं भेटलं की पाठवतो.

पाकिटावरचं माझं अक्षर बघून मामी म्हणतीलच, ज्याने दावा लावला तो पत्र कशाला लिहितोय? त्यांना सांगा, अय्युबला एक शंका आली आहे, आणि शंका आली की त्याला जेवण जात नाही. सुनावणीपासून तुम्ही रजेवर आहात म्हणून लिहितोय. आपल्या सहकारी सोसायटीत समोर असता तरी तोंडाने विचारलं नसतं.

सेक्रेटरीच्या जागेला मॅट्रिक आणि सहकाराचा डिप्लोमा लागतो. माझ्याकडे दोन्ही आहेत, तुम्ही जुनी सातवीची फायनल पास. पंचांनी बावीस वर्षांच्या अनुभवावर तुम्हाला शिक्षणाच्या अटीतून सूट देऊन बढती दिली, आणि ती सूट रद्द व्हावी म्हणून मी पुण्याला सहकार खात्याच्या साहेबांकडे गेलो. नियम विचारायला जाण्यात काही चुकलं असं मला आजही वाटत नाही. चुकलं ते दुसरीकडे.

सुनावणीत साहेबांनी तुम्हाला विचारलं, बियाणं कसं पारखता? तुम्ही म्हणालात, “शंबर दानं मोजायचं, वल्ल्या फडक्यात बांधायचं, चौथ्या दिशी सोडायचं. नव्वदाच्या वर मोड आलं तरच गोनी वाटायची.” साहेबांनी ते लिहून घेतलं. मग माझ्या वकिलांनी विचारलं, असं असेल तर सदुसष्ट साली निम्म्या गावाच्या राबात भाताचं रोप का उगवलं नाही? तुमच्या नोकरीच्या कागदावर तेवढा एकच शेरा आहे आणि माझा सगळा दावा त्याच्यावर उभा होता. तुम्ही म्हणालात, “म्याच सांगून गेलो व्हतो वाटायला.” माझ्याकडे बघितलंसुद्धा नाही.

परतीच्या गाडीत शिवऱ्याला तुम्ही खिडकीतून दोन चहा घेतले आणि एक मला दिला. मी विचारलं, चौथाच दिवस का? “काही दानं येळ घेत्यात रं. घरी करून बघ.”

करून बघितलं. अम्मी करवादत होती, चुलीजवळ हे कसलं गाठोडं! मी सकाळ-संध्याकाळ सोडून बघायचो. दुसऱ्या दिवशी एकही मोड नाही. तिसऱ्या दिवशी अकरा. चौथ्या दिवशी त्र्याण्णव. खरं सांगतो मामा, डिप्लोमाच्या निकालाच्या दिवशी झाला नव्हता एवढा आनंद झाला, आणि लगेच सदुसष्ट साल आठवलं.

त्या साली जूनमध्ये तुम्ही तुमच्या लेकीच्या, ठकूताईंच्या, घरी वेल्ह्याला गेलात. जाताना सोसायटीतल्या खिळ्याला दाण्यांचं ओलं फडकं टांगलंत आणि बजावलंत, चौथ्या दिवशी सोड, मग गोण्या वाट. बियाण्यासाठी मंडळी दारात उभी होती. मी दुसऱ्याच दिवशी फडकं सोडलं, दाणे जसेच्या तसे. म्हटलं, हे जुन्या माणसांचं खूळ. गोण्या वाटून टाकल्या. हे तुम्ही ओळखलं असेल. पण पुढचं मी कुणाला सांगितलेलं नाही. फडकं मी पुन्हा बांधून ठेवलं होतं. चौथ्या दिवशी सोडलं तर शंभरात एकोणीस. तेव्हाच घरोघर जाऊन पेरू नका म्हणून सांगितलं असतं तर काही घरं तरी वाचली असती. मी फडकं नदीत टाकून आलो.

तुम्ही परत आलात, रिकामा खिळा बघितलात आणि काही विचारलं नाहीत. मी तेव्हा हंगामी नोकरीवर होतो. चौकशीत तुम्ही दोष अंगावर घेतलात. मला वाटलं, म्हाताऱ्याला काही समजलंच नाही. चार वर्षं मी तसंच मानत आलो, कारण ते सोयीचं होतं.

काल हे सगळं जबाबात लिहून साहेबांना रजिस्टर पोस्टाने पाठवलं. दावाही मागे घेतला. आता शेरा माझ्या नावावर येईल, कदाचित नोकरीही जाईल. अम्मीला अजून सांगितलेलं नाही.

शंका मात्र तशीच आहे. तेव्हा पोरगा म्हणून मला सांभाळलंत, ते समजू शकतो. पण सुनावणीत मी तुमची जागा घ्यायला उभा होतो. एका वाक्यात मला गप्प करता आलं असतं. तरी पुन्हा तेच का बोललात?

उत्तर लिहायचं नसलं तर नका लिहू. पुढच्या सोमवारी कामावर या. सेक्रेटरीच्या खुर्चीवर बसा आणि मला सगळ्यांसमोर रागवा. तुम्ही कधी रागावलाच नाहीत, त्याचाच फार त्रास होतो.

ठेवलंत तर तुमच्या हाताखालचा कारकून,
अय्युब