पंख्याच्या वाऱ्याचा कौल

३ जून २०२४, सकाळी ७
आजपासून नियमित लिहायचे. अपील जिंकल्यावर सगळे तारीखवार हाताशी हवे.
चोपड्याच्या प्लॉटसाठी कृष्णनाथला तीन लाख विसार दिला. बायकोच्या, विनिताच्या, पाटल्या मोडून. बाकी रक्कम ३१ मार्च २०२१ पर्यंत दिली नाही तर विसार बुडाला, असे करारात होते. बँकेचे लोन तयार होते. पण देवाला विचारल्याशिवाय जमीन घ्यायची नसते. देवाच्या मूर्तीला ओली पाकळी चिकटवून कौल लावला. पाकळी उजवी पडली, म्हणजे होकार. पण देवळात पंखा चालू होता. वाऱ्याने पडलेली पाकळी कशी धरणार? परत लावू, परत लावू म्हणेपर्यंत तारीख गेली. विसार परत मिळावा म्हणून केस घातली, तर पेडण्याच्या कोर्टाने चूक माझी ठरवली. जजसाहेबांना कौलातले कळत नाही.

१९ जून
वकील अमोलना म्हटले, देवळातल्या गौरेश भटजींना साक्षीला आणू. ते म्हणाले, अपिलात नवा साक्षीदार सहसा घेत नाहीत. अनुभव कमी आहे त्यांना. फी मात्र पूर्ण.

८ ऑगस्ट
सुनावणी. पुढची तारीख मिळाली. जजसाहेबांनी माझ्याकडे दोनदा पाहिले. चांगले लक्षण. वकील म्हणाले, माझा मोबाईल वाजत होता.

१४ नोव्हेंबर
कृष्णनाथ घरी आला. दोन लाख परत देतो, अपील मागे घे, महिनाअखेरपर्यंत सांग म्हणाला. घाबरलाय. विनिता म्हणाली, "घेवन सोडा, निदान म्हज्यो पाटल्यो तरी येतल्यो." म्हटले, देवाला विचारून सांगतो. ती आत गेली.

१७ नोव्हेंबर
कौल. पहिल्याच फटक्यात उजवी. पंखा चालूच. बाद. पुढच्या रविवारी लावू.

२४ नोव्हेंबर
लाइट नव्हती, पंखा बंद. पाकळी उजवी. पण ओली कमी होती, सुकून पडली असणार.

२ डिसेंबर
कृष्णनाथ फोन उचलत नाही. तोंड दाखवायला लाज वाटत असेल.

२१ फेब्रुवारी २०२५
अपील फेटाळले. खर्चही माझ्यावर. काही वाटले नाही. कँटीनमध्ये चहा आणि उंडो पाव घेतला. वकील म्हणाले, हायकोर्टात जाता येईल, पण जाऊ नका.
हायकोर्टात जायचेच. संध्याकाळी कौल लावायला देवळात गेलो. भटजींना आधी पंखा बंद करायला सांगितले, प्लॉटच्या कौलाच्या वेळी याच पंख्याने घात केला म्हणून. भटजी म्हणाले, "त्या वेळार पंखो खंय आसलो? तुमीच दिलो न्हय, केस घातल्या उपरांत?"
कौल न लावता घरी आलो.

२१ फेब्रुवारी, रात्री
फाइलमध्ये देवळाला दिलेल्या पंख्याची पावती सापडली. १२ ऑगस्ट २०२१. म्हणजे पाकळी आपली आपणच पडली होती. मलाच एवढी रक्कम एकदम द्यायची भीती वाटली होती.
विनिता भाकऱ्या करत होती. हातात काचेच्या बांगड्या. निकाल काय लागला ते तिने विचारले नाही. पावती परत फाइलमध्ये ठेवली.