जावयाच्या पानातलं मांस

ती. दादास,

धाकटीचा नमस्कार. मी बरी आहे. वसतिगृहाच्या स्वयंपाकघराला मोठी खिडकी आहे, दुपारी वाचायला वेळ मिळतो. वहिनीचा गुडघा कसा आहे?

तुझा जावई पहिल्यांदा जेवायला येतोय आणि डुकराचं मांस कसं शिजवायचं, हे तू मला विचारतोस. लिहून घे. बरगड्या लवकर होतात, पण हाडापाशी लाल रस दिसला तर पुन्हा आचेवर ठेव. खांदा मंद आचेवर अडीच तास, बोटाने सुटेपर्यंत. पोटाकडचं चरबीचं मांस आधी उकडून मग भाज. कच्च्या मांसाची सुरी कोशिंबिरीला लावू नकोस.

आम्ही दोघं तुझ्याकडे जेवायला आलो, त्या दिवशीही मी हे सांगत होते. तू म्हणालास, "आल्या पुस्तकवाल्या बाई," आणि अर्ध्या तासात खांदा उतरवलास. सगळे हसले, हेही हसले. मांस थोडंच होतं. जावयाचा मान म्हणून ते ह्यांच्या पानात पडलं, तू नुसत्या रश्श्यावर जेवलास. सासुरवाडीत पानात टाकायचं नाही, म्हणून ह्यांनी आतून गुलाबी असलेलं मांस मुकाट्याने संपवलं. मग ताप, डोळ्यांवर सूज, आणि दीड महिन्याने मी दवाखान्यातून ह्यांच्याशिवाय घरी आले.

नवा जावई भिडस्त आहे, असं लिहिलंस. म्हणजे तोही काही टाकणार नाही. तेव्हा वाढण्याआधी खांद्याच्या मधला तुकडा काप आणि सगळ्यांसमोर तू खा. तुला तो गिळवला नाही, तर पोरीच्या नवऱ्याला वाढू नकोस.

वहिनीला जपून चालायला सांग.

तुझी,
धाकटी