मारी-नेज हे नाव मोकळं नाही

शांबेरी,
११ मे १९९८

प्रिय लेओंतीन मावशीस,
सा. न. वि. वि.

आठ वर्षांची असताना मी तुला विचारलं होतं, की तुझ्या मुलीच्या नावात दोन नावं आणि माझ्या नावात एकच, असं का? तू उतारावर गवत उलटत होतीस. मान वर न करता म्हणालीस, "तुझ्या आईला नाव एकदाच द्यावं लागलं." मला त्यातलं काही कळलं नाही. तू कामात होतीस, म्हणून पुन्हा विचारलंही नाही. सध्या दिवसभर पडून असते, त्यामुळे असली जुनी वाक्यं आपोआप वर येतात.

पडून आहे, कारण डॉक्टरांची सक्त ताकीद आहे. न्हाणीघरापर्यंत जायचं आणि परत यायचं, बस. ल्यूक स्वयंपाक करतो. गेल्या आठवड्यात त्याने बटाटे उकडले ते इतके, की पातेलं बाहेर अंगणात नेऊन घासावं लागलं. पण तक्रार नाही. सातवा महिना चालू आहे, इतक्या पुढे मी याआधी कधी आले नव्हते. तुला माहीतच आहे. आणि मुलगी आहे, मावशी. ऑगस्टच्या पहिल्या आठवड्यातली तारीख दिली आहे.

म्हणूनच लिहिते आहे. तिचं नाव मारी-नेज ठेवावं असं फार मनात आहे. सुट्टीत तू ओट्यावरून तुझ्या मुलीला हाक मारायचीस, 'मारी' लांब आणि खाली, 'नेज' एकदम वर, आणि ती हाक समोरच्या डोंगरावर आपटून परत यायची. मला तेव्हा त्या नावाचा हेवा वाटायचा. आता तर ते नाव रिकामंच आहे. तीन वर्षांपूर्वी तिने कोर्टात जाऊन ते काढून टाकलं आणि इरेन झाली. तुम्हा दोघींच्या भांडणात मी पडत नाही. पण इतकं सुंदर नाव वाया का जावं? तू हो म्हण, म्हणजे मी निर्धास्त होईन.

कोंबड्या किती उरल्या ते कळव. माझ्यावरची माया पातळ होऊ देऊ नकोस.

तुझी,
क्लेमांस


विलारे,
१९ मे १९९८

चि. क्लेमांसला मावशीचे अनेक आशीर्वाद.

पत्र पोचलं. मुलगी आहे हे वाचून खुर्चीवर बसले. पाय वर करून झोप. ल्यूकला सांग, बटाट्यात पाणी घालतात. सोबत चीज पाठवते आहे, ते तू खायचं नाहीस, कच्च्या दुधाचं आहे. त्याला खाऊ दे, उपाशी असणार बिचारा. कोंबड्या तीनच उरल्या, चौथी कोल्ह्याने नेली.

नावाचं म्हणशील तर नाही. ते नाव म्हणजे कपाटात लटकलेला कुणाचा जुना कोट नव्हे, की मापाला येतोय म्हणून घालावा. नाव मोकळं नाही.

तुला ते सुंदर वाटतं, पण ते कशाचं आहे हे तुला ठाऊक नाही. तू शहरातली. आमच्या वरच्या देवळात जी हिमाची माता आहे तिचा सण पाच ऑगस्टला. फार पूर्वी रोममध्ये भर उन्हाळ्यात एका टेकडीवर बर्फ पडला, तिथे मारीचं देऊळ बांधलं, अशी कथा पाद्री दरवर्षी सांगतो. पण आमच्या गावात हे नाव त्या कथेमुळे आलेलं नाही. माझ्या सासूबाई सांगायच्या, की हिमकडा कोसळून तीन घरं गेली, त्याच्या पुढच्या वर्षी जी मुलगी झाली तिला त्यांच्या आजीने 'नेज', म्हणजे बर्फच, म्हटलं. हिमाला घरातलं एक माणूस नावाने देऊन टाकलं, की ते खऱ्याने मागायला येत नाही, असा तिचा समज. पाद्री म्हणाला, 'बर्फ' हे काही संताचं नाव नाही, मी बाप्तिस्म्याचं पाणी घालणार नाही. तेव्हा पुढे मारी लावलं. मारी पाद्र्यासाठी आणि नेज डोंगरासाठी. तेव्हापासून दर पिढीत एक.

म्हणजे हे कौतुकाचं नाव नाही, भीतीचं आहे. तुझ्या पोरीला आधीच पुष्कळ भीती पुरवली आहेस, आणखी कशाला? शिवाय जिचं नाव आहे ती जिवंत आहे. उद्या दारात आली तर मी तिला काय म्हणून आत घेऊ?

ब्रेस्टला पाठवलेली माझी पत्रं परत येतात. पाकिटावर ती लिहिते, 'या नावाची व्यक्ती इथे राहत नाही.' अक्षर मात्र तिचंच. तेवढं पाहायला मिळतं.

तब्येतीला जप आणि या म्हातारीवर रुसू नकोस.

लेओंतीन


शांबेरी,
२८ मे १९९८

प्रिय इरेन,
स. न. वि. वि.

बघ, पाकिटावरही नीट लिहिलं आहे, तेव्हा परत पाठवू नकोस. तीन वर्षांत तीन भेटकार्डं, एवढाच आपला पत्रव्यवहार. लहानपणी एका पलंगावर झोपायचो यावर कुणाचा विश्वास बसणार नाही.

मला मुलगी होणार आहे. तिच्यासाठी तुझं जुनं नाव मी मावशीकडे मागितलं आणि तिने मला झाडून काढलं. म्हणाली, मोकळं नाही, जिचं आहे ती जिवंत आहे. मग वाटलं, जिचं आहे तिलाच विचारावं. तुला नकोच होतं, तर मला देशील?

रागावू नकोस. तू ते का टाकलंस हे मला कुणी कधी सांगितलं नाही, आणि मीही विचारलं नाही. आईशी पटत नाही म्हणून टाकलं असेल, असं धरून चालले. तसं नसेल तर सांग.

तिकडे समुद्र कसा आहे? आपल्यात लोभ होता तेवढा तरी शिल्लक ठेव.

तुझी मावसबहीण,
क्लेमांस


ब्रेस्ट,
८ जून १९९८

प्रिय क्लेमांस,

तुझं अभिनंदन आधी, बाकी नंतर. एक्केचाळिसाव्या वर्षी आई होते आहेस, म्हणजे तुझी मुलगी कॉलेजात जाईल तेव्हा तू काठी टेकत तिच्या मागे. मी सोबतीला येईन, माझी काठीही तयार असेल.

इथे पाऊस आडवा पडतो आणि बर्फ जवळजवळ पडतच नाही. मी समुद्राचे नकाशे काढणाऱ्या कचेरीत आहे हे तुला माहीत आहे. खडकांची नावं नीट लिहिणं हे माझं काम. हसू नकोस.

तू उन्हाळ्यात यायचीस, सर्वसंतांच्या दिवशी कधीच नव्हतीस. म्हणून तुला माहीत नाही. दर वर्षी पहिल्या नोव्हेंबरला आई मला शेवंतीची कुंडी धरायला द्यायची आणि आम्ही दफनभूमीत एका छोट्या दगडापाशी जायचो. तिथे कोणीतरी लहान मुलगी आहे एवढंच मला सांगितलं होतं. सहाव्या वर्षी मी वाचायला शिकले. त्या वर्षी तिथे लाकडी क्रुसाऐवजी नवा दगड बसवला होता, मी अक्षरं लावून वाचली आणि विचारलं, "आई, हे माझं नाव आहे. आत मी आहे का?"

आई म्हणाली, "कुंडी सरळ धर, माती सांडतेय."

बस, एवढंच. पुढे आजीकडून कळलं. माझ्याआधी एक मुलगी होती, अकरा महिन्यांची होऊन गेली, बर्फाने नाही, मे महिन्यात तापाने. अडीच वर्षांनी मी झाले आणि तिचं नाव मला घातलं. आई ओट्यावरून हाक मारायची, ती तुला आवडायची. मी दर वेळी ओ द्यायच्या आधी क्षणभर थांबायचे, आधी दुसरं कोणी ओ देतं का ते पाहायला. अडतीस वर्षं थांबले. कोर्टातल्या बाईंनी कारण विचारलं तेव्हा मी दगडाचा फोटो पुढे ठेवला. त्यांनी दुसरा प्रश्न विचारला नाही.

तेव्हा तुझ्या प्रश्नाचं उत्तर. ते नाव माझं कधी नव्हतंच, मी देणार कशी? आणि असतं तरी तुझ्या मुलीला दिलं नसतं. तिला असं नाव दे, ज्यात तिच्याआधी कोणी राहून गेलेलं नाही.

आईला यातलं काही लिहू नकोस. लिहिशीलच, मला तुझा स्वभाव माहीत आहे.

तुझी,
इरेन


शांबेरी, इस्पितळातून,
१७ जून १९९८

प्रिय मावशीस,
सा. न. वि. वि.

घाबरू नकोस, मी ठीक आहे. मंगळवारी रक्त गेलं म्हणून इथे आणलं. आता थांबलं आहे. बाळाचे ठोके यंत्रावर ऐकू येतात, घोडा दौडल्यासारखे. शेजारच्या खोलीत कुणाचा तरी नवरा फुटबॉल लावून बसतो, आणि गोल झाला की आमच्या मजल्यावरच्या सगळ्या पोटुशा दचकतात.

इरेनने मला सगळं लिहिलं. तुला सांगू नको म्हणाली होती. माझ्या लहानपणी तू म्हणाली होतीस, 'तुझ्या आईला नाव एकदाच द्यावं लागलं', त्याचा अर्थ आता कळला. मी मारी-नेज हे नाव सोडलं आहे. 'रिकामं' म्हणाले होते, तो शब्द परत घेते.

पण तुझ्यावर मला रागावताही येत नाही. कारण एक गोष्ट ल्यूकलाही ठाऊक नाही, ती तुला सांगते. दुसऱ्या वेळी पोटातलं जे गेलं, त्याला मी मनात नाव दिलं होतं. नऊ दिवस त्या नावाने बोलत होते. गेलं, तरी नाव तोंडातून जाईना. बाजारात कुणीतरी आपल्या पोरीला त्या नावाने हाक मारली तर मी टोपली ठेवून वळून पाहिलं. या वेळी तेच नाव पुन्हा ठेवायचं मनात आलं होतं. मग तुझं मागितलं, कारण तुझं जरा लांबचं होतं. म्हणजे मी काही वेगळं करत नव्हते.

मावशी, मूल गेलं तरी नाव तोंडातून जात नाही, हे तू इरेनला कधी सांगितलंस का? मला वाटतं नाही सांगितलंस. तिला वाटतं, तू तिला दुसरीच्या जागी ठेवलंस आणि कुंडी सरळ धरायला सांगितलीस. तिला काय सांगायचं ते तुझं तू ठरव. मी मध्ये पडणार नव्हते आणि पडलेच.

आशीर्वाद असू दे. सध्या त्याची गरज जास्त आहे.

तुझी,
क्लेमांस


विलारे,
२ जुलै १९९८

प्रिय इरेन,

हे नाव मी पहिल्यांदाच लिहिते आहे. आधी पाकीट लिहिलं आणि तिकीट लावून घ्यायला पोस्टात नेलं. खिडकीवरच्या बाईने वाचून विचारलं, ही कोण? मी म्हटलं, माझी मुलगी. ती म्हणाली, तुम्हाला दुसरी मुलगी आहे हे माहीत नव्हतं. मी म्हटलं, हो, दोन आहेत. चव्वेचाळीस वर्षांत हे मी कुणाला मोठ्याने सांगितलं नव्हतं. घरी आले आणि हे लिहायला बसले.

क्लेमांसचं बाळ अजून पोटात आहे, दोघी बऱ्या आहेत. तिच्यावर चिडू नकोस.

तुला वाटतं, सासूबाईंनी सांगितलं म्हणून मी ते नाव तुला दिलं. सगळे तसंच समजतात आणि मीही समजू दिलं. खरं असं, की अकरा महिने मी ते नाव दिवसातून पन्नास वेळा घेत होते. ती गेल्यावर तोंड थांबेना. गोठ्यात, चुलीपाशी, मी रिकाम्या घराला हाका मारायचे. तुझे वडील उठून बाहेर जायचे. तू झालीस आणि मला त्या हाकेला ओ देणारं कोणी मिळालं. तुला काय वाटेल हा विचारच आला नाही. तू एवढीशी होतीस.

एक सोय मात्र मी केली होती, ती तुला सांगायला हवी होती. तिचं नाव जन्मनोंदणीच्या दप्तरात सुटं लिहिलेलं होतं, मारी आणि नेज वेगवेगळं. तुझ्या वेळी मी तुझ्या वडिलांना बजावून पाठवलं, की कारकुनाला मध्ये जोडरेघ घालायला लावा. ती दोन शब्दांची, तू एका शब्दाची. माझ्या मते तेवढ्याने नाव वेगळं झालं होतं. मी स्वतःला रोज सांगायचे, ही रेघवाली. मग बासष्टमध्ये लाकडी क्रूस कुजला म्हणून सासूबाईंनी दगड करून घेतला. पाथरवटाने विचारलं, नाव कसं लिहायचं? त्यांनी खणातून हाताला आला तो जन्माचा कागद काढून दिला. कागद तुझा होता. तारखा तिच्या आणि नाव तुझं, असं कोरून आलं. मी ते पाहिलं ते तुझ्याबरोबरच, त्याच दिवशी. तू विचारलंस तेव्हा मी ती रेघच पाहत होते. तिच्यावरून नजर काढायला म्हणून कुंडीचं काढलं.

परवा मी पाथरवटाच्या मुलाला घेऊन तिथे गेले. तो म्हणाला, कोरलेलं पुसता येत नाही, बुजवता येतं. त्याने चुन्याने रेघ बुजवली. जवळून पाहिलं तर खूण दिसते. ते नाव आता मी तिला परत दिलं आहे. यापुढे या घरात ते कोणी घेणार नाही, क्लेमांसही नाही. माझं तोंड चुकलं तर समजून घे, सदुसष्ट वर्षांचं आहे.

आता मागणं. रेघवालीला मी ओळखते, तिला गाजर आवडत नाही आणि ती कुशीवर झोपते. इरेनला मी ओळखत नाही. ती सकाळी काय खाते, तिच्या खिडकीतून काय दिसतं, हे नाव तिने कुठून निवडलं, यातलं काही मला माहीत नाही. ऑगस्ट संपल्यावर दोन दिवस मी ब्रेस्टला येऊ का? हॉटेलात उतरेन, स्टेशनवर येऊ नकोस. एकदा दार उघड आणि तुझं नाव तू मला सांग, मी ते म्हणून बघेन. तू नाही म्हणशील हे मला माहीत आहे. तरी विचारते.

तुझी आई,
लेओंतीन