दादाचं रीळ

४ तारीख, सोमवार
पोचलो. धाकट्याने दारातच बॅग हिसकावून घेतली आणि म्हणाला, आपल्या घरावरची फिल्म कापायला तुझ्याशिवाय कोण आहे, दादा? इतकी वर्षं त्याच्या फिल्म्स जगभर फिरल्या, तेव्हा दादा आठवला नाही. असो, उशिरा का होईना, अक्कल आली. मी हे कुठल्या शाळेत शिकलेलो नाही. लोकांच्या लग्नांची रिळं कापून हात बसला. हिनेच आग्रह करून धाडलं, बरोबर डबाही दिला. खोलीत उजेड उत्तम. टेबल हलत होतं, पायाखाली पुठ्ठा सारला. पातं नवं आहे.

५ तारीख
माझा नियम एकच. बोलणाऱ्याचं वाक्य पुरं होऊ द्यायचं, त्याने श्वास सोडला की कट. आज बाबांचं रीळ लावलं. याच टेबलाशी बसलेत, हातात कप. म्हणतात, दादाला सांग, त्या कपाटा— आणि कट. शब्दाच्या मधोमध! गवत कापतात असं. बाबा गेले तेही याच खुर्चीत, चहा पिताना. पुढचा तुकडा कुठाय म्हणून धाकट्याला झापलं. तो भिंग पुसत राहिला.

७ तारीख
तुकडा कातरणांच्या टोपलीत मिळाला. बाबांच्या रिळाला कडेशी कडा लावून पाहिली, तंतोतंत जुळते. अलीकडच्या चौकटीत बाबा. पलीकडच्या चौकटीत रिकामी खुर्ची, आणि कप हवेत, पडताना.
मागे वारलेल्या आत्याचं रीळही काढलं. तेच. जिथे कापलं तिथे माणूस संपला.

८ तारीख
फळीवर आणखी दोन डबे. एकावर ‘वहिनी’, एकावर ‘दादा’.
वहिनी म्हणजे माझी बायको. तिचं रीळ लावलं. ही इथे कधी आली? मला माहेरी जाते म्हणाली होती. याच खुर्चीत बसून पदराचं टोक पिळतेय.
‘माझं राहू द्या ना, भावजी. ह्यांना पाठवते. नुसतं म्हणा, तुमच्याशिवाय कोणाला जमणार. धावत येतील.’
पुन्हा लावून पाहिलं. शब्द तेच.

९ तारीख
दार बाहेरून बंद. फोन केला. हिने विचारलं, मी दिलेल्या डब्यातलं संपवलंत का. मग रडली. मग ठेवला.
धाकटा दारापलीकडून, अगदी मऊ आवाजात:
‘तुझ्या रिळाची मूळ निगेटिव्ह माझ्याकडे आहे, दादा. तू काप, नाहीतर मी कापतो. माझा हात तुला ठाऊक आहे.’

१०
माझं रीळ लावलं. पाठमोरा मी. हेच लिहितोय —
कापायचं नाही म्हटलं, तर तो कापणार. बाबांसारखं. कपासकट.
नको. मीच. निदान कट तरी स्वच्छ —
पातं पुसलं. आधी हिला एक ओळ. वाक्य पुरं करायचं, श्वास सोडायचा, मग —
बाहेर पातं खटकलं. अरे थांब, माझं अजून पु