झाकणांच्या कारखान्याविरुद्ध आमचे घर

आदरणीय दादा (नात्याने मेहुणे, दराऱ्याने सासरे) यांना बहिणीच्या नवऱ्याचा साष्टांग नमस्कार.

आपला गुडघा कसा आहे? वहिनींचा खोकला थांबला का? दोन्हीची चौकशी आधी केली आहे, नाहीतर तुमची बहीण पत्र पुन्हा लिहायला लावते. आम्ही इकडे खुशाल आहोत, असं लिहायची पद्धत आहे म्हणून लिहितो.

घरामागचा कारखाना आपल्याला आठवत असेलच. डब्यांची झाकणं ठोकणारा तो मोठा प्रेस. मागच्या खेपेला आलात तेव्हा पहिल्याच दणक्याला आपण "भूकंप!" म्हणत जिन्याखाली गेला होतात (चहा आपल्याला तिथेच आणून दिला होता). आम्ही मात्र त्याच्याशी जुळवून घेतलं होतं. एक दणका पडून दुसरा पडेपर्यंत जी फट मिळते तिच्यात तीन-चार शब्द बसतात. तेवढे बोलायचे, थांबायचं, उरलेलं पुढच्या फटीत. अशाने आमची भांडणं फार सावकाश होत आणि निम्म्यात कंटाळून आम्ही जेवायला बसत असू. पण भांडणांबरोबर गप्पाही गेल्या. निवृत्त झाल्यावर मागच्या ओट्यावर बसून हिच्याशी निवांत बोलायचं, हे मी नोकरीभर ठरवलं होतं (काय बोलायचं ते ठरवलं नव्हतं). निवृत्त झालो, ओट्यावर बसलो, आणि ही म्हणाली, "चहाला साखर", दणका, "संपली." झाला संवाद. मला फार वाईट वाटलं, म्हणून तक्रार केली.

वस्तीला लागून कारखाना असेल तर त्याने किती आवाज करावा याचा कायदा आहे, तो आवाज मोजायचं यंत्र आहे, आणि ते यंत्र सांभाळणारे एक साहेबही आहेत. साहेब सरकारी जीपने आले. जीप कोपऱ्यावर दिसताच कारखान्यात चहाची सुट्टी झाली. साहेबांनी ओट्यावर यंत्र मांडलं आणि मी आमची कैफियत सांगू लागलो. सवयीप्रमाणे खच्चून ओरडून, आणि दर तीन-चार शब्दांनी थांबून. मला धाप लागली असं समजून साहेबांनी मला खुर्चीत बसवलं आणि पाणी मागवलं. तेवढ्यात तुमच्या बहिणीने आतून विचारलं, "साहेब चहा घेणार का?" त्या दिवशीचा सगळ्यात मोठा आकडा यंत्रावर उमटला तो तेव्हा. अहवाल आला: कारखाना मर्यादेत, तक्रारदाराचे घर मर्यादेबाहेर. वर समज, की निवासी भागात राहताना रहिवाशांनी शेजारच्या उद्योगांचा विचार करावा. तुमच्या बहिणीने तो मला मोठ्याने वाचून दाखवला.

मी अपिलात गेलो. म्हटलं, माझी एवढीच विनंती आहे, साहेबांना चालत पाठवा आणि मागच्या गल्लीने पाठवा. साहेब यंत्र पिशवीत घालून, भाजीला निघाल्यासारखे आले. ओट्यावर टेकले, चहा ओठाला लावला, आणि दणका पडला. बशी मांडीवरून निघाली ती थेट अंगणात. (आपण आम्हाला लग्नात दिलेल्या सेटमधली शेवटची. कळवायचं राहून गेलं होतं.) मग हुकूम निघाला, की प्रेस पलीकडच्या टोकाला हलवावा, त्याच्याखाली रबराच्या गाद्या घालाव्यात, मध्ये जाड भिंत बांधावी. मालकाने कुरकुरत का होईना, सगळं केलं.

दादा, आता इतकं शांत आहे की मोरीतला नळ ठिबकतो हे आम्हाला इतक्या वर्षांनी कळलं. मी ओट्यावर बसलो, हिला शेजारी बोलावलं आणि बोललो. ऑफिसातलं राजकारण, लेकीचं सासर, शिंपी माझी डावी बाही आखूड का करतो, सगळं एका दमात. ही नुसती ऐकत असल्यासारखी बसली. चकार शब्द नाही. दुसऱ्या दिवशीही तेच. आधी वाटलं, रुसली. (दणक्याच्या आडोशाने मी वर्षानुवर्षं काहीबाही पुटपुटत आलो आहे. त्यातलं थोडं आपल्याविषयीही होतं, ते मनावर घेऊ नये.) पण रुसल्यावर ही भाजीत मीठ जास्त घालते, आणि मीठ बेताचं होतं. तेव्हा कुठे मला उमगलं. त्या दणक्यांनी हिचे कान नेले, दादा. मी जिंकलो, पण उशिरा जिंकलो. आता मी समोर बसतो, पेपर बाजूला ठेवतो आणि ओठ नीट हलवून सावकाश बोलतो. ही हसते. मला मात्र रडू येतं.

आपला आज्ञाधारक,
बहिणीचा नवरा

ता. क. पत्राचं खरं कारण हे, की कानाचे डॉक्टर आपल्या ओळखीचे आहेत, त्यांची लवकरात लवकर वेळ घ्यावी. माझ्या नावाने घ्यावी. स्वतःसाठी म्हटलं तर ही घराबाहेर पडायची नाही. हिला यातलं काही कळू देऊ नये.

आणखी एक ता. क. बशीचंही बोलू नये.

दादा, पाकीट चिकटवायला ह्यांनी पत्र माझ्याकडे दिलं, म्हणून खाली चार ओळी. माझे कान ठणठणीत आहेत. बशी फुटली तेही ऐकलं आणि पुटपुटलेलंही सगळं ऐकत आले (तुझ्याविषयीचं बरंचसं खरं होतं). त्या दिवशी हे इतकं बोलले की मी ऐकतच राहिले, उत्तर द्यायचं सुचलंच नाही. दुसऱ्या दिवशी म्हटलं, मध्ये बोलले तर थांबतील. आणि आता तर पेपर खाली ठेवून, माझ्या तोंडाकडे बघून बोलतात रे. लग्न झाल्यापासून कधी बोलले नव्हते असे. डॉक्टरांची वेळ घे, नाही म्हणू नकोस, ह्यांना वाईट वाटेल. फक्त जमेल तितकी लांबची घे.