पान हललं की चेंडू हलला

सोमवार, ९ फेब्रुवारी

मी एकच शब्द बोलले. ‘हलला!’

तोही मराठीत. माझं इंग्रजी समालोचन चालू असताना, थेट प्रक्षेपणात. सकाळपासून सगळीकडे तेवढाच तुकडा फिरतोय. त्याखाली प्रतिक्रियांत लोक विचारताहेत, ‘ही बाई काय ओरडली?’

ओरडले नव्हते. तोंडातून गेलं.

चेन्नईची गोल्फ स्पर्धा, कालचा शेवटचा दिवस, सोळावं होल. संकेत एका फटक्याने पुढे. त्याचा चेंडू ग्रीनच्या, म्हणजे होलभोवतीच्या बारीक कापलेल्या गवताच्या, अलीकडे, लांब गवतात अडकलेला. चेंडूला टेकून एक वाळकं पान. संकेतने वाकून ते पान उचललं आणि चेंडू अर्धा वळसा खाऊन खाली बसला. अशा वेळी चेंडू होता तिथे परत ठेवायचा असतो, एका फटक्याचा दंड स्वतःहून सांगायचा असतो. संकेतने तसाच मारला. आणि काय मारला! होलपासून हातभर अंतरावर जाऊन थांबला. लोक टाळ्या वाजवत होते, आणि मी आधीच बोलून बसले होते.

नवरा पडद्यावर आला की मी गप्प बसायचं आणि शेजारच्या माईकवरून राजगोपाल सरांनी बोलायचं, हे लग्न झाल्यापासून ठरलेलं आहे. आजवर कधी मोडलं नव्हतं.

कानात रंजनीचा आवाज — आमची प्रोड्यूसर — ‘एन्ना? चित्रा, काय म्हणालीस? इंग्लिशमध्ये सांग!’

तेव्हा गप्प बसता आलं असतं. ठसका लागला म्हणता आलं असतं. मी श्वास घेतला आणि म्हटलं, ‘आय थिंक इट मूव्हड.’

पहिला शब्द निसटला. दुसरं वाक्य मी बोलले. एवढा फरक मला माहीत आहे. दुसऱ्या कोणाला सांगायची गरज नाही.

फटक्यांच्या कार्डावर सही करण्याआधी पंचांनी संकेतला आत बोलावलं. चेंडू हललेला नुसत्या डोळ्यांना दिसण्यासारखा असेल तरच दंड होतो. फक्त कॅमेऱ्याने मोठं करून दाखवलं म्हणून होत नाही. संकेत म्हणाला, मला दिसलं नाही. पंच म्हणाले, तुमच्या मिसेसना दिसलं — रीप्ले लावायच्या आधी, साध्या पडद्यावर.

म्हणजे पुरावा मीच.

जागेवर परत न ठेवता मारला म्हणून दंड दोन फटक्यांचा. एका फटक्याने जिंकलेला माणूस एका फटक्याने हरला.

वेळच्चेरीला घरी येईपर्यंत गाडीत तो एकदाच बोलला. ‘एसी कमी कर.’


मंगळवार, १० फेब्रुवारी

इडल्या केल्या. त्याने खाल्ल्या. मीही खाल्ल्या. चव कळली नाही.


बुधवार, ११ फेब्रुवारी

आता दोन्हीकडचे लोक माझ्याविषयी बोलताहेत आणि मला वाटतंय, ही चित्रा कोण आहे बुवा?

टूरवाले — जुनी स्पर्धामालिका, चेन्नईची स्पर्धा त्यांचीच — म्हणतात, हिने गोल्फची अब्रू राखली. नवऱ्यालाही सोडलं नाही! त्यांच्यासमोर उभ्या राहिलेल्या नव्या लीगचे लोक म्हणतात, टूरची पगारी बाई. संकेत लीगमध्ये जाणार हे टूरला कळलं होतं, म्हणून बायकोकडूनच काटा काढला.

दोघांनाही मी फार हुशार वाटते.

लीगचं बोलणं चालू होतं हे मात्र खरं. दोन वर्षं झाली ती सुरू होऊन. संघ करून खेळायचं, तीनच दिवस, सगळे एकदम वेगवेगळ्या होलवरून सुरुवात करतात, मैदानावर मोठ्याने गाणी. जो तिकडे गेला त्याला टूर दार बंद करते. संकेत चौतिसाचा आहे. पाठ दुखते. टूरवर दर आठवड्याला पहिल्या दोन दिवसांतच घरी पाठवतील की काय ही धाकधूक. लीगमध्ये कोणाला घरी पाठवत नाहीत. जागा एकच उरली होती आणि त्यांनी सांगितलं होतं, चेन्नई जिंकलास तर ती तुझी.

मला लीग आवडत नाही. प्रक्षेपणात मी तसं बोललेही आहे — चार दिवस खेळून जिंकण्यात माणूस उघडा पडतो, तीन दिवसांच्या जत्रेत पडत नाही, असं काहीतरी. तेव्हा मोठं छान वाटलं होतं बोलताना.

आईचा नाशिकहून फोन. ‘अगं, घरातलं भांडण टीव्हीवर कशाला नेलंस?’

‘भांडण नव्हतं आई.’

‘मग तर आणखीनच वाईट!’


शुक्रवार, १३ फेब्रुवारी

गिंडीच्या स्टुडिओत गेले. परदेशातली स्पर्धा, पडद्यावर बघून बोलायचं. राजगोपाल सर नेहमीप्रमाणे आधी येऊन बसलेले. सर तंजावूरच्या मराठी घराण्यातले. स्वतः खेळायचे, नंतर पंच झाले, आता माझ्या शेजारी माईकवर. माईक बंद झाला की आम्ही मराठीत बोलतो — त्यांची मराठी त्यांच्या आजोबांची, माझी नाशिकची. त्या सवयीनेच तो शब्द मराठीत गेला असणार.

मी विचारलं, ‘सर, तुम्हाला दिसला होता का हललेला?’

ते चष्मा पुसत राहिले. मग म्हणाले, ‘मी पानाकडे पाहत होतों, अम्मा.’

खरं की मला सांभाळून घेण्यासाठी, कळलं नाही. ‘परवाइल्ले, चालतंय,’ म्हणाले. ‘बोललां ते बोललां.’ आणि स्वतःच्या फ्लास्कमधली कॉफी मला दिली.

आम्ही सगळी फेरी बोललो. वारा, उतार, कोण किती मागे. माझा आवाज मला हेडफोनमध्ये ऐकू येत होता. चांगला होता. रंजनी म्हणाली, ‘सुपर, चित्रा! कमबॅक!’

मी कुठे गेले होते?


रविवार, १५ फेब्रुवारी

संकेत दुपारभर लीगची स्पर्धा बघत बसला. मी शेजारी जाऊन बसले. सोफ्याच्या दुसऱ्या टोकाला.

मी न बोलता राहू शकत नाही, धंदाच तो. म्हटलं, ‘याचा खांदा फार लवकर उघडतोय.’ संकेत म्हणाला, ‘हं.’ म्हटलं, ‘संघासाठी खेळतोय म्हणून पाणी टाळून मारतोय, नाहीतर हा थेट गेला असता.’ पुन्हा ‘हं’.

आठवड्यातलं सगळ्यात लांब संभाषण.

मग पडद्यावर कोणीतरी गवतात वाकलं. आम्ही दोघेही पडद्याकडे बघत राहिलो. संकेतने रिमोट घेतला आणि आवाज वाढवला.


सोमवार, १६ फेब्रुवारी

तो सरावाला गेला नाही. वेंकट — मैदानावर त्याची बॅग सांभाळणारा कॅडी — खाली येऊन बॅग ठेवून गेला. वर आला नाही.


बुधवार, १८ फेब्रुवारी

पुष्कर आला होता. लीगचा इथला माणूस. पुण्याचा. बूट काढून, पाय धुऊन आत येणारा, मला ‘वहिनी’ म्हणणारा.

लीगला संकेत अजून हवा आहे. जास्तच हवा आहे! टूरने अन्याय केलेला खेळाडू — पोस्टरवर शोभतो. पण ‘चोरी करणारा’ असा शिक्का असलेला त्यांना चालणार नाही. एवढी एक गोष्ट साफ करायची.

‘वहिनी, तुम्ही मराठीत बोललात. कोणाला कळतंय? तुम्ही म्हणालात, पान हललं.’

‘मी “हलला” म्हणाले. पान हललं. चेंडू हलला.’

‘गडबडीत “ला”चं “लं” कोण ऐकतंय! आणि इंग्रजीत तर पान काय, चेंडू काय, दोघांना “इट”च. मंगळवारी आमच्या कॅमेऱ्यासमोर पाच मिनिटं. मी पानाबद्दल बोलले, पंचांनी गैरसमज करून घेतला. बस! तुमच्यावर काही नाही, दादावर काही नाही. निकाल बदलणार नाहीच, पण माणूस वाचेल.’

संकेत खिडकीशी उभा होता. वळला नाही.

मी पुष्करला विचारलं, ‘पोहे घेणार?’


गुरुवार, १९ फेब्रुवारी

शेवटी मीच विषय काढला. स्वयंपाकघरात, तो पाणी प्यायला आला तेव्हा.

‘पुष्कर म्हणतो तसं बोलू का?’

‘तुझं तू ठरव.’

‘तुला काय हवंय?’

‘मला दिसलं नाही हे मी पंचांना सांगितलं. तुझा त्यावर विश्वास आहे का?’

‘आहे.’

‘मग झालं तर. दिसलंच नाही तर मी चोर कसा?’ ग्लास विसळून पालथा घातला. ‘चोर म्हणतात मला, चित्रा. क्लबमधली माणसं. ज्यांच्याबरोबर लहानाचा मोठा झालो ती.’

मी तिथेच उभी. जवळ जायला हवं होतं ना? हातात पीठ होतं, एवढंच काय ते कारण. पीठ धुता येतं.

माझा विश्वास खरंच आहे. वाकलेला माणूस, पान उचलताना नजर पानावर असते. राजगोपाल सरही पानाकडेच बघत होते. तसं असू शकतं. असणारच.


शनिवार, २१ फेब्रुवारी

पुष्करला होकार कळवला. तो म्हणाला, ‘वहिनी, तुम्ही घर वाचवलंत!’

मला वाटलं होतं, होकार देताना जड जाईल. नाही गेलं. दुधवाल्याला उद्या एक पिशवी जास्त द्या सांगावं तसं सांगून झालं.

रंजनीला कळवलं. ती म्हणाली, ‘त्यानंतर तू माईकवर बसलीस तर लोक तुझं ऐकतील का?’ तिने रागाने विचारलं असतं तर मी उत्तर दिलं असतं. तिने खरंच विचारलं.


रविवार, २२ फेब्रुवारी

आरशासमोर म्हणून पाहिलं. ‘पान हललं.’ ‘मी म्हणाले, पान हललं.’

दोन-चार वेळा म्हटल्यावर शब्दांचा अर्थच राहत नाही. पान, पान, पान. नुसता आवाज.

राजगोपाल सरांचा फोन आला. रंजनीने सांगितलं असणार. मला वाटलं, समजावतील. ते म्हणाले, त्यांच्या घरी दवणा आलाय, कुंडी पाहिजे का? मग फोन ठेवताना — ‘चित्राम्मा, मी उद्याही तुमच्या शेजारीच बसणार. तुम्ही काय पण बोला.’

हे ऐकून रडू यायला हवं होतं. आलं नाही. कुंडी घेईन म्हटलं.

संध्याकाळी संकेत आणि मी खाली चालायला गेलो. तलावाच्या बाजूने. तो बऱ्याच दिवसांनी बोलला — लीगचा संघ, पहिली स्पर्धा कुठे, पाठीसाठी फिजिओ कायम सोबत असतो, तुलाही नेता येईल. मी सगळ्याला बरं म्हणत होते. समोरून एक ओळखीचे काका आले, दोघांना हसून नमस्कार केला. संकेतने माझा हात धरला. मला हाताचं वजन कळलं. ऊब नाही कळली.

मंगळवारी सगळं संपेल, असं तो म्हणाला.


सोमवार, २३ फेब्रुवारी

निळी साडी इस्त्रीला दिली. कॅमेऱ्यात बरी दिसते.


मंगळवार, २४ फेब्रुवारी

गेले नाही.

साडी नेसून झाली होती. संकेत बूट घालत होता, खुशीत होता, दोन आठवड्यांत पहिल्यांदा गुणगुणत होता. मी म्हटलं, ‘एक बरं झालं, तुला खरंच दिसलं नाही. दिसलं असतं तर मला हे बोलता आलं नसतं.’

सहज म्हटलं होतं. त्याला धीर यावा म्हणून.

तो लेस बांधता बांधता थांबला. वर न बघता म्हणाला, ‘दिसलं होतं गं. मला वाटलं, तू बोलणार नाहीस.’

खाली पुष्करची गाडी हॉर्न देत होती. मी दाराची कडी आतून लावली. कडीत बोट चेमटलं. दुखलं! मी ओरडले. मोठ्याने.