काकांचा नेम चुकत नाही

ता. ६

चि. भाचीबाईस मावशीचे पोटभर आशीर्वाद.

तुझा कॅमेरावाला नऊ दिवस माझ्या घरी तळ ठोकून आहे. गल्लीतल्या हॉकीवाल्यांच्या गोष्टी जपून ठेवायला फिल्म काढतेस, चांगलं आहे. पण फायनलचा पेनल्टी स्ट्रोक तुझ्या काकांनी जसा बाहेर घालवला तसाच कॅमेऱ्यापुढं परत घालवायचा, ही अक्कल कुणाची? बत्तीस वर्षांनी बिचारे मैदानावर पाय ठेवायला तयार झाले, तर आता चुकतच नाहीत गं! त्रेसष्ट मारले, त्रेसष्ट गोल. डोळे बांधून मारला, गोल. शिंक आली तरी गोल. गोलकीपर म्हणून तेव्हा गोलात होता तोच सायकलवाला उभा केलाय, तो उड्या मारून मारून कंबरेला पट्टा बांधून बसलाय.

आता गल्लीत उठलंय, असला नेम असलेला माणूस फायनलला चुकेलच कसा, नक्की मॅच विकली असणार. शिंपी तर तोंडावर म्हणाला. तुझे काका दोन दिवस नीट जेवले नाहीत. इतकी वर्षं नुसते चुकलेले होते, तुझ्या फिल्मनं चोर झाले. काहीतरी कर, नाहीतर कॅमेऱ्यासकट तुझा माणूस परत पाठवते.

राग आहे, पण माया आहेच.
तुझी मावशी

ता. ११

ती. मावशीस सा. न. वि. वि.

पत्र वाचून आधी हसले, मग लाज वाटली. चेंडू बाहेर गेल्यासारखा मी इथं बसून कॉम्प्युटरवर दाखवू शकते, पण त्या खोटेपणानं काकांवरचा डाग जाणार नाही. एक सुचतंय. काका रोज रिकाम्या मैदानावर मारतात. त्या दिवशी अख्खी गल्ली मागं उभी होती ना? सगळ्यांना उभं कर. शिंप्याला सगळ्यात पुढं.

रागावलीस तरी मला टाकू नकोस.
तुझी भाची

ता. १९

चि. भाचीबाईस आशीर्वाद.

दारोदार फिरून एकेकाला घराबाहेर काढलं. त्या फायनलचा पंच, आता म्हातारा झालेला, खुर्चीसकट आणला. त्याची शिट्टी वाजेना, त्यानं तोंडानंच शीळ घातली. झालं, दीडशे माणसं एकदम ओरडायला लागली, लाज राख म्हणून. ह्यांनी चेंडू तीनदा उचलून तीनदा परत ठेवला. मारला, आणि चेंडू खांबाच्या हातभर बाहेरून गेला तो थेट कॅमेरावाल्याच्या नडगीवर!

मग काय बोंब उठली म्हणून सांगू! शिंपीच सगळ्यांच्या आधी धावला, ह्यांना खांद्यावर घेतलं. माणूस खरंच घाबरून चुकला होता, हे सगळ्यांना पटलं. सायकलवाला पट्टा सोडून नाचला. तेव्हा चुकले तर कुणी तोंड बघेना, आता चुकले तर मिरवणूक. घरी येऊन हे तीनदा वाढून घेऊन जेवले.

तुझा माणूस म्हणतो कॅमेरा हलला, परत एकदा घेऊ. त्याला मी सकाळच्या गाडीत बसवून दिलंय. हललं तर हललं, तेच लाव. परत मारायला लावलं आणि गोलबिल झाला, तर मी काय करू?

लोभ असू दे. येशील तेव्हा एकटी ये.
तुझी मावशी